समच्छेद

फाहाहीलला आमच्या इमारतीचा हारिस सबरी
अडकलेली लिफ्ट पान्याने उघडतो
आणि मंगळवारी संध्याकाळी मुलाला वर धाडतो :
वही, पेन्सिल, फडक्यात बांधलेले दोन गरम खुबूस.
मी फी घेत नाही, म्हणून.

झियाद पाचवीत. वहीत
एक छेद तीन अधिक एक छेद चार,
खाली उत्तर : दोन छेद सात.
ठाम. दोनदा अधोरेखित.

माझं अरबी रक्त काढण्यापुरतं.
हात दे, मूठ मीट, तिकडे बघ, झालं.
आकडेही दगा देतात :
त्याचा पाच म्हणजे माझं शून्य,
माझा एक त्याला नऊ दिसतो.
आणि मावशीला तो म्हणतो ‘खालती’.
तीन वर्षं झाली, अजून त्या हाकेला
मी आधी खाली बघते.

शेवटी सुरी आणली.
एका खुबूसचे तीन केले, दुसऱ्याचे चार.
त्याने बोट लावून मोजले, सात.
एक इकडचा उचलला, एक तिकडचा.
सातांतले दोन, खालती. चुकलं कुठे?

क्षणभर मलाही सापडेना.
इतकं सरळ, प्रामाणिक चुकणं
बऱ्याच दिवसांत बघितलं नव्हतं.

मग दोन्ही तुकडे एकावर एक ठेवले.
कडा जुळेनात. एक ऐसपैस, एक अंग चोरून.
यांना एकाच दमात दोन कसं म्हणायचं?
शिवाय सातांतले दोन
तिघांतल्या एकाहूनही कमी भरतात रे,
भर घातलीस आणि घटलं?
तो हसला. म्हणाला, बाबाच्या पगारासारखं.

मग पुन्हा सुरी. तिसऱ्या हिश्शाचे चार चार,
चौथ्याचे तीन तीन. टेबलभर चुरा.
आता सगळे सारखे, बाराव्या वाट्याचे.
चार आणि तीन, सात.
सात! तो ओरडला, माझाच सात!
खरं होतं. त्याचा सात खोटा नव्हता,
नुसता चुकीच्या जागी बसला होता, रेघेखाली.

मला पावकी आठवली.
एक पाव पाव, बे पाव अर्धा, त्रिक पाव पाऊण,
वडील अंगणात दाढी करताना म्हणून घ्यायचे.
झियादने खिशातून चुरगळलेली पाव दिनारची नोट काढली :
रुबा. अर्ध्याला नुस्स.
आणि तिसऱ्या हिश्शाला?
माझ्या पाढ्यात त्याला घरचं नावच नव्हतं.
तिल्त, तो म्हणाला, इतक्या सहज
की मी ते दोनदा म्हणून बघितलं.

आता तुमच्या घरातलं गणित द्या, म्हणाला.
मी विचार न करता दिलं :
माझी पाळी आठ तासांची, सात ते तीन.
काकांची अहमदीला रिफायनरीत बारा तासांची, रात्रीची,
सहाला जातात, सहाला येतात.
तिल्त अधिक नुस्स, तो पुटपुटला,
बोटांवर सहाचा पाढा,
पाच छेद सहा. बरोबर.

थांबायला हवं होतं त्याने.
पण हुशार मुलं थांबत नाहीत.
एक छेद सहा उरला, खालती. चार तास.
तेव्हा तुम्ही दोघं घरी?

हो, म्हटलं.
सकाळचा एक, दुपारचे तीन.
त्यात बस, आंघोळ, भाजी, हेरंबची झोप
यांचे छेद मी काढले नाहीत.
पाचवीला तेवढं नसतं.

सबरीने जिन्यातून हाक मारली.
सात तुकडे पोटात, वही काखेत, तो उतरला.
दोन छेद सातवर त्याने काट मारली नव्हती.
शेजारी बारीक अक्षरात काही लिहिलं होतं,
उजवीकडून डावीकडे, मला वाचता आलं नाही.

सतरा तुकडे ताटलीत आहेत, झाकून.
सहाला हेरंब येईल, चहात बुडवून खाईल,
विचारेल हे इतकं बारीक कुणी केलं.
सांगायला घेतलं तर पुरेल
असा वेळ आहे. पाऊण तास.