पात्र : स्वतः

आराम नगरच्या त्या शेडमध्ये, खडखडत्या पंख्याखाली,
माझ्याच भूमिकेसाठी माझी ऑडिशन झाली.
पोरगा म्हणाला, "मॅम, मस्त. पण शालन थोडी कमी पडतेय."
मग मी मान जरा जास्त उडवली, हात कमरेवर ठेवला,
सतरा मालिकांतल्या सासवांकडून उसना घेतलेला.
"बस! हीच!"

करारावर लिहिलं होतं :
पात्र – शालन कुडतरकर.
कलाकार – शालन कुडतरकर.
मानधन सासूपेक्षा दोन हजारांनी कमी.
"मॅम, यात अभिनय कुठंय?"

लेखक दहिसरला घरी आले. तिघं. मांडीवर लॅपटॉप.
म्हणाले, खरोखर झालेली एखादी फजिती सांगा.
मी सांगितली :
सावंतवाडीचा प्रयोग, तिसरा अंक,
नवऱ्याच्या प्रेतावर पडून रडायचं होतं
आणि प्रेताला उचकी लागली.
मी हंबरडा न थांबवता त्याला पाणी पाजलं.
प्रेत हळूच म्हणालं, "आभारी आहे."
आणि अख्ख्या थिएटरात कुणीही हसलं नाही,
मागच्या रांगेतल्या एका बाईने तर हात जोडले.

तिघांनी एकमेकांकडे पाहिलं.
"हे कुणाला खरं नाही वाटणार."
त्यांनी दुसरी लिहिली :
मी व्हॅनिटीवरून भांडते, तणतणत भलत्याच गाडीत चढते
आणि लग्नाच्या केटरिंगवाल्यांबरोबर
पातेल्यांच्या मधोमध बसून वसईला पोचते.

आता भाजीवाला चंद्रभान मेथीची जुडी झटकत विचारतो,
"ताई, वसईला जेवण कसं होतं?"
पहिल्यांदा म्हटलं, अरे, ते खोटं होतं.
त्याचा चेहरा असा उतरला की मीच ओशाळले.
दुसऱ्यांदा म्हटलं, बासुंदी बरी होती.
आणि परवा पार्ल्याच्या सत्कारात
कुणी न विचारता
किती पुऱ्या खाल्ल्या तेही सांगून आले.

उचकी लागलेला तो अच्युत.
गेला, त्यालाही बारा वर्षं झाली.
दौलतनगरला सगळे गुरुजींची वाट बघत उभे होते,
मी त्याच्या ओठांकडे बघत राहिले,
पिशवीत हात घालून,
पाण्याच्या बाटलीचं झाकण अर्धं फिरवून.

दुसऱ्या सीझनसाठी पोरं रविवारी येतायत.
पुन्हा विचारतील, काही खरं घडलेलं?
चहा टाकीन.
वसईचंच काहीतरी सांगेन,
वरातीतला घोडा वगैरे.