खोलीचा आवाज

चित्रीकरण आटोपलं की थर्झा हात वर करायची.
कुणी हलायचं नाही. एक मिनिट.
मी टेपवर त्या जागेची नुसती शांतता भरून घ्यायचो,
संकलनात सांधे बुजवायला लागते ती.

पहिली सदुसष्ट सालची, सायलस हार्बरची.
सरकारनं गाव उठवलं तेव्हा
न्यूफाउंडलंडच्या त्या माणसांनी घरांना रिकामी पिंपं बांधली
आणि घरंच लोटली समुद्रात.
दुमजली, पांढरं, पडदे तसेच खिडक्यांना,
भरतीच्या बेतानं बोटी ओढत होत्या
आणि मागच्या दारात एझ्रा क्रिच
पाय पाण्यावर सोडून पाइप ओढत बसलेला.
थर्झा म्हणाली, जवळ नको जायला. असू दे त्याला एकटा.
त्या एका दृश्यानं तिला नाव दिलं,
पुढचं काम दिलं.

मग पफिन. सहा उन्हाळे एकाच कड्यावर,
कमरेला दोर, डब्यात पाव आणि काकवी.
मग जाळ्यात गुरफटलेला तो देवमासा:
तिनं कॅमेरा खाली टाकला, सुरी मागितली.
अकरा मिनिटं फिल्मवर फक्त बोटीचा ओला तळ
आणि बाजूला कुणाचा तरी प्रचंड श्वास.
टोरांटोचा निर्माता ओरडला. तिनं कापलं नाही काही.

ब्याण्णवच्या जुलैत कॉडवर बंदी आली.
धक्क्यावर मी हेडफोन लावले
आणि मला सीगल ऐकूच येईनात.
मासा चिरला जात नव्हता, ते कशाला येतील?
तिच्याकडे दोन कपाटं होती, एक इतिहासाचं, एक निसर्गाचं.
तो डबा कितीतरी दिवस टेबलावरच पडून राहिला.

आता फिल्मना व्हिनेगरचा वास येतो.
आता तिला चित्रपट नको असतात,
म्हणते, अ‍ॅब्सलम, ते मधले तुकडे लाव.
मी लावतो. ती डोळे मिटून ओळखते:
हे एझ्राचं स्वयंपाकघर, नवीन किनाऱ्यावरचं.
घड्याळ मागे पडायचं त्याचं.
हा कडा. वारा ईशान्येचा.
हा धक्का.

इथे टेप तुटलेली आहे.
चाळीसच सेकंद झाले, ती म्हणते, थांब.
उरलेले वीस आम्ही बसून राहतो,
रेडिएटर ठकठकतोय,
तोही धरून.