शेरा

गोरेवाड्याच्या मागच्या अंगाला,
जिथे मुरूम संपतो आणि साग सुरू होतो,
तिथे आम्ही झाडं मोजत होतो.
नियम सोपा:
छातीच्या उंचीवर फीत गुंडाळायची,
घेर लिहायचा, चुन्यानं आकडा काढायचा.
छातीपर्यंत जे पोचत नाही ते झाड नाही.
त्याच्यासाठी शेवटच्या रकान्यात एकच शब्द: गवत.

फितीचं दुसरं टोक सुकरती उईकेच्या हातात.
दोनशे सतरा नंबरचा धावडा झाला
आणि मी एक पाऊल मागे सरलो, तशी ती म्हणाली,
"पाय नोको ठेवू साहेब, फूल हाय."

मला आधी दिसलंच नाही.
वाकलो. मग बसलोच उकिडवा.
ताडाचं पोर असावं तशी घड्याघड्यांची चार पानं
आणि त्यांच्या बुडाशी, मातीला अगदी टेकून
सहा पाकळ्यांची पिवळी चांदणी,
कुणाच्या कानातलं गळून पडावं एवढी.
देठ शोधला. देठ नव्हताच.

"काळी मुसळी," ती म्हणाली,
"दुपारले मिटते.
फळबी मातीतच धरते, कोणाले दावत नाही."

तिचा बाप मुळ्या इतवारीत नेऊन विकायचा.
वरून काळी, मोडली की आत पांढरी,
खुंटीसारखी सरळ खाली गेलेली मुळी.
पानं पिवळी पडल्याशिवाय तो खोदायचा नाही,
आणि पानाकडचा तुकडा परत पुरून यायचा.
"मंग मोटारसायकलवाले आले, पोत्यानं नेली.
त्याईनं काई पुरलं नाही."
हे ती तक्रारीसारखं बोलली नाही,
घेर सांगावा तसं बोलली.

मग तिनं एक पान बोटानं हलवलं.
ते उचललं जाईना.
लांबत लांबत गेलेलं पान शेवटी वाकतं,
टोक ओल्या मातीला टेकतं
आणि टेकलं तिथे मूळ धरतं.
अशी वीत वीत पुढे सरकत
ती हा उतार चढली असेल.
कुणाच्याही नोंदीत न येता.
मी माझ्या बदल्या आठवल्या:
आर्वी, गोंदिया, ब्रह्मपुरी, आता नागपूर.
टोक टेकलं होतं बऱ्याच ठिकाणी.

त्या दिवशी शेवटच्या रकान्यात
'गवत' लिहायला हात झाला नाही.
नाव लिहायला जागा नव्हती, आणि
अवघ्या बोटभर उंचीचं नाव वाचणार कोण?
म्हणून शेऱ्यात लिहिलं:
'येथे गवत नाही.'
लिहून बरं वाटलं. सहीसुद्धा जरा मोठी केली.

आठवड्यानं ऑफिसातून नारनवरेंचा फोन.
"साहेब, गवतही नाही म्हणता,
म्हणजे जमीन मोकळीच समजू ना?"

मी फोन हातात धरून उभा.
बाहेर पोळ्याचे लाकडी बैल
हातगाडीवर रांगेत, चाकांसकट.
काय सांगायचं होतं, ते नीट सांगितलं नाही मी.
"दुरुस्ती पाठवतो," म्हणालो.
पाठवलीही. पानभर.
पोचल्याचा शिक्का आला, एवढंच.

मे महिन्यात परत गेलो तिथे.
सेहेचाळीस अंश. दगडाला हात लागत नव्हता.
धावड्यावर दोनशे सतरा अजून शाबूत,
थोडा पुसट.
खाली काहीच नाही, तडकलेली माती,
वाळक्या पानांचा कुरकुरीत थर.
सुकरती या खेपेला आली नव्हती,
हिंगण्याच्या कुठल्या कारखान्यात लागली म्हणे.

खोदलं असतं तर कळलं असतं
मुळी आहे की गेली.
खिशात पेन होतं, किल्ली होती,
टोकदार काहीतरी मिळालंच असतं.

मी फक्त चपला काढल्या,
पोळलो,
परत घातल्या,
आणि जिथे फूल असावं असा अंदाज होता
त्याला वळसा घालून
गाडीकडे गेलो.