एकोणीस दिवस

परवाना संपला तीन एप्रिलला.
देवानंद नगराळे गेला बावीसला.
मधले एकोणीस दिवस
कंपनीच्या वकिलाने कोर्टात टेबलावर मांडले
पानठेल्यावर सुपारी मांडावी तसे,
मोजून.

मी म्हणालो, साहेब, वीस वर्षं चालवतो.
म्हणाले, विचारलं तेवढंच सांगा.
त्या रात्री परवाना वैध होता?
नाही जी.

केळापूरला आरटीओचा कॅम्प होता, दुसऱ्या मंगळवारी.
गेलो होतो. साहेबच आले नाहीत.
झेरॉक्सवाला म्हणाला, आता पुढच्या महिन्यात.
येताना पिकअपमध्ये मंडपाच्या खुर्च्या भरल्या,
ऐंशी असतील, की नव्वद.
हे बोललो नाही. विचारलं नव्हतं.

एकाच लग्नातून निघालो होतो दोघं,
मी पाइप आणि पडदे घेऊन,
तो सायकलवर, ट्रम्पेट पाठीला बांधून.
नाल्याजवळ वळण आहे.
ब्रेकला तारीख माहीत नव्हती, माझ्या पायालाही नाही.
पण वळणावर माझा डावा हात
खर्ऱ्याची पुडी चाचपत होता,
आणि परवाना चांगला असता
तरी चाचपलीच असती.
पंचनाम्यात टायरच्या खुणा आहेत, साडेअकरा फूट.
पुडी नाही.

मग देवानंदची किंमत निघाली.
महिन्याचं उत्पन्न किती?
सुकेशनी म्हणाली, लग्नं असली का असते, नसली का नसते.
असं चालत नाही. म्हणून कोर्टाने एक आकडा मानला,
वय चौतीस, म्हणून सोळाने गुणला,
आणि तिसरा हिस्सा कापला
मयताच्या स्वतःच्या खर्चापोटी.
ती वकिलाला हळूच म्हणाली,
स्वतःवर काय खर्च करे जी तो?
वकील फाइल बांधत होते.

हुकूम असा झाला:
आधी कंपनीने भरावे,
मग मालकाकडून वसूल करावे.
खुशाल झाडेंनी पिकअप विकली.
मला एक शब्द बोलले नाहीत.
ताडपत्री तेवढी माझ्या अंगणात टाकून गेले,
राहू दे तुह्याजवळ.
तेव्हापासून माझा रामराम घेत नाहीत.

नवा परवाना टपालाने आला.
कडक कार्ड. फोटोत मी दचकल्यासारखा.
आता वैध आहे. घरी सायकल आहे.

निकालाच्या दिवशी शेवटच्या एसटीत
सुकेशनी दोन सीट पुढे होती.
मोहद्याला गाडी रिकामी झाली
तशी ती वळली.
हॉर्न मारला होता का तुम्ही?
मारला, म्हणालो.
बराच वेळ खिडकीची काच वाजत राहिली.
मग म्हणाली,
त्याले कमी ऐकू ये.
बँडात राहून राहून कान गेलते.
वकील म्हणे, हे बोलू नको, पैसे कमी होतील.
मी नाई बोलली.

तिने तिचं माझ्या ओंजळीत ठेवलं
आणि समोर वळून बसली.
माझं माझ्याजवळच राहिलं.
पिंपळशेंड्याच्या फाट्यावर उतरलो
तेव्हा तिची पिशवीसुद्धा मी धरली,
पण पुडीचं सांगितलं नाही.
हॉर्न मारला होता का, हेही
मला खरंच आठवत नाही.

ट्रम्पेट ठाण्यात मुद्देमालात पडलाय, चपटा.
त्याचं तोंड तेवढं वाचलं,
लग्न आटोपलं की तो काढून खिशात ठेवायचा.
आता पोरगा ते घेऊन ओट्यावर बसतो.
सूर नाही, नुसती फुंकर,
भुर्र, भुर्र,
लांबून वळणावर कोणी सांगत यावं तशी.

मी खाटेवर पडलेला असतो.
माझा उजवा पाय
दाबतो.