रात्रपाळी

चोडणच्या खाजनात, खांब नंबर सत्तेचाळीस.
अमावास्येला आधी तोच जातो. मग बाकीचे,
एकेक, मानशीकडून वाड्याकडे,
जणू कुणी मोजत येतंय.

खात्याच्या वहीत मी लिहितो: ओलावा. खारी हवा.
एकदा लिहिलं होतं: मुंगूस.
वाड्यावर म्हणतात: धनी उठला.
काळोखाचा धनी. त्याचं नाव कुणी घेत नाही.
बांधावर रोट ठेवतात, सोरो ठेवतात, विडी पेटवून ठेवतात
आणि पाठ न दाखवता मागे सरकतात.

त्याला शिंगं आहेत म्हणे. पावलं उलटी.
पोरांना सांगतात, तो उजेड गिळतो
कारण तो काळोखाच्याच पोटी आला.

खोटं आहे.
तो आमच्या शेजारच्या घरात जन्मला,
परसात, फणसाखाली, बुधवारी.
म्हणून बुदो.

बारा वर्षांचा होता. उधाणाची रात्र,
बांधाला भेग गेलेली.
गावकरांनी त्याच्या हातात कंदील दिला, म्हटलं,
इथे उभा राहा, मानशीचं दार दिसलं पाहिजे,
आम्ही चिखल घेऊन येतो.
हलू नकोस हां.

(हे म्हणणारा माझा खापरपणजा.
आमच्यात ही गोष्ट दार लावून सांगतात.)

चिखल दुसरीकडेच लागला.
वरच्या अंगाला बांध फुटला, सगळे तिकडे धावले.
भात वाचलं. दमलेली माणसं पेज पिऊन आडवी झाली.
कुणाच्याही मनात वाईट नव्हतं.
बुदोची आई अंगणाअंगणात विचारत फिरली,
तिला म्हणाले, येईल.

पाणी घोट्याला. गुडघ्याला. कमरेला.
कंदील त्याने डोक्यावर धरला
आणि तेल संपेस्तोवर पलीकडचे दिवे मोजले.
एकोणीस.
एकोणीस घरं जागी,
आणि एकही दिवा चालत येत नाही.

त्याला राज्य हवं होतं, म्हणतात,
सगळं खाजन हवं होतं, दर वर्षाला एक जीव हवा होता.
मला विचाराल तर
त्याला पाळी बदलून हवी होती.
“जा आता घरी, मी आहे”
एवढं म्हणणारं कुणी.
ते आलं नाही तेव्हा बुडता बुडता त्याने हिशेब मांडला:
जो दिवा येत नाही
तो जळतोय कुणासाठी?

गेल्या अमावास्येला रायबंदरची शेवटची फेरी गेली,
मग मी निघालो. शिडी घेतली नाही.
मानशीपाशी उभा राहून म्हटलं,
बुदो, मी आलो. रात्रपाळी माझी. तू जा.

फळ्या कुरकुरल्या. कुर्ली असेल.
मग माझ्या बाजूने ओली पावलं गेली,
सरळ, लहान, घाईतली,
वाड्याच्या दिशेने,
आणि ती जातील तसतसे खांब लागत गेले,
मी हात न लावता.

उभा राहिलो. म्हटलं होतं ना.
बारा वाजले. दोन वाजले.
ऑफिसातून फोन नाही, घरून नाही;
वीज आल्यावर लाइनमनची आठवण कुणाला.
खिडक्यांत टीव्हीचा निळा उजेड.
कुणीतरी मोठ्याने हसलं.
पाणी बुटांत शिरलं.
मी मोजायला लागलो. सहजच.
एकशे चार.

मागे ट्रान्सफॉर्मर गुणगुणत होता.
पक्कड खिशात होती, माशासारखी गार,
आणि मला कळलं, पहिला दिवा विझवायला
राग किती थोडा पुरतो.

त्या रात्री वाड्यावर पुन्हा वीज गेली का,
ते वहीत शोधू नका.
वही मीच लिहितो.