उसाच्या खाली

द्वारकाबाई कंग्राळकर, मुक्काम शहापूर, बेळगाव.
निपाणीत तंबाखूच्या वखारीत खेळ लागला
की लोक शिंकत शिंकत वन्समोअर मागत.
गोकाकच्या जत्रेत तेच नाटक ती कानडीत करी.
तिथली माणसं लवकर रडतात, म्हणायची.

चौऱ्याहत्तर साली मुंबईहून पाकीट आलं:
संगीत नाटक, पन्नास मिनिटं, प्रक्षेपण एकदाच,
मानधन दोनशे दहा, प्रवासखर्च वेगळा.
वडगावच्या मागावरची डाळिंबी साडी
तिनं घडी न मोडता ट्रंकेच्या तळाशी नेली.
नेसा कुठलीही, तिथे कुणी म्हणालं,
सगळं राखाडीच दिसणार.

आणि आवाज कमी, बाई.
शेवटची रांग इथेच आहे,
असं म्हणून कॅमेऱ्यावरचा तांबडा दिवा दाखवला.
पेट्रोमॅक्सच्या पलीकडे, चिंचेवर चढून बसलेल्या
पोरांपर्यंत तीस वर्षं फेकलेला आवाज
तिनं विड्यासारखा गालात धरला
आणि पद म्हटलं.

इकडे कुणीच पाहिलं नाही.
मुंबईच्या लहरी घाट उतरेपर्यंत
तिचे पुढचे दोन दात गेले होते.

माझं रेडिओ दुरुस्तीचं दुकान, खडेबाजारात.
गावात टीव्ही आला तशी दर रविवारी येऊन
बाकाच्या कडेला बसायची,
"आमचं लागलं काय रे?"
शेवटी मीच मुंबईला लिहिलं.
तीन महिन्यांनी उत्तर:
टेपांच्या तुटवड्यामुळे सदर टेपवर
शेतीविषयक कार्यक्रम मुद्रित करण्यात आला आहे.
विषय, उसावरील खोडकिडा.

मी वाचलं. पुन्हा वाच म्हणाली.
मग बराच वेळ सोल्डरिंगचा धूर बघत बसली.
"ऊस होय. बरं झालं की,
ऊस आपल्याकडं पण हाय."

त्यानंतर शेतीचा कार्यक्रम ती चुकवेना.
कानडीत असो, हिंदीत असो.
टेप ती नव्हे, हे तिला ठाऊक होतं,
मला ठाऊक होतं, पण इस्त्री न्यायला आलेल्या
मुतग्याच्या माणसाला ती सांगायची,
"ह्याच्या खाली मी हाय. बघा."

तो बघायचा.
पडद्यावर कुणी टोपीवाला ऊस उभा चिरून
आतली पोकळ वाट दाखवत असायचा.
द्वारकाबाईचं बोट मांडीवर झपताल मोजायचं,
मध्येच थांबायचं, कुठल्या तरी जागेवर.

"आवाज वाढव," म्हणायची.
मी वाढवायचो.
"अजून."