भाषा निवडा

दिल्लीहून फाइल आली. नाशिक, एकशेवीस शब्द,
जर्मनमध्ये, शुक्रवारपर्यंत.
सरकारी वेबसाइट आहे,
बाहेरच्यांनी आपला देश बघावा म्हणून.
वर कोपऱ्यात पृथ्वीचा बारीक गोळा,
बोट ठेवलं की बारा भाषा घरंगळत खाली येतात,
जपानी, अरबी, पोर्तुगीज.
मराठी नाही. असायचं कारणही नाही,
आपणच आपल्याला कशाला आवतण धाडू?

जेल रोडच्या घरात, पंख्याखाली,
मी गोदावरी उतरवायला बसते.
जर्मनमध्ये नदी पुल्लिंगी. तो वाहतो.
नाव घेतलं की मात्र पुन्हा बाई: दी गोदावरी.
एका वाक्यात ती दोनदा कपडे बदलते
आणि मी आडोसा धरून उभी राहते.
कुंडाला शब्द मिळाला,
त्याच शब्दात हात धुवायचं बेसिनही बसतं.
द्राक्षं सोपी. द्राक्षांची ओळख सगळीकडे असते.

एक वाक्य माझ्या पदरचं घालू का,
म्हणून इंग्रजीत विचारून बघितलं:
पूर आला की इथे कुणी मीटर बघत नाही,
विचारतात, दुतोंड्या मारुतीच्या कुठवर आलं पाणी?
गुडघा, कंबर, गळा.
तनेजा मॅडमचं उत्तर दहा मिनिटांत:
छान आहे, पण पूर नको.

दादा चौतीस वर्षं प्रेसमध्ये होते.
पासपोर्ट तपासायचे.
शाई फुटलेली, सिंह तिरका,
शिवणीचा एक टाका चुकला तरी पुस्तिका बाजूला.
रोज गेटवर अंगझडती देऊन घरी,
खिशात फक्त डब्यातला चमचा.
त्यांच्या बोटांखालून गेलेले लोक
आता कुठल्या कुठल्या बर्फात राहत असतील.
त्यांचा स्वतःचा पासपोर्ट नाही.
का, विचारलं तर म्हणतात,
वाढप्याला कधी भूक लागते का?

आज चहाचा कप घेऊन ते मागे येऊन थांबले.
पडद्यावर रामकुंड, संध्याकाळ.
वाळत घातलेली धोतरं पुसून टाकलेली,
पाणी निळं,
नव्या नोटेला असतो तसा न हाताळलेला रंग.
चष्मा कपाळावर सरकवून
दादांनी एक डोळा बारीक केला.
"उलटा आहे."
काय उलटं?
"फोटो. नदी उलटी चाललीय.
मारुतीवरून नाही कळायचं, त्याला दोन्हीकडे तोंड.
ती पाटी बघ."
पार मागे, टिकलीएवढी, पेढ्यांच्या दुकानाची पाटी,
अक्षरं आरशातली.

बारा भाषा, आठ महिने,
कुणाच्याच लक्षात आलं नव्हतं.
कुणाच्या येणार?
आधी ती पाटी वाचता यायला हवी.

मी कळवलं. उत्तर आलं,
या बाजूने उजेड जास्त चांगला दिसतो.
दादांनी कप ठेवला, माझं लाल पेन घेतलं
आणि टेबलावरच्या प्रिंटआउटच्या कोपऱ्यात
एक लहानशी फुली मारली,
खाली सही, भा. गायधनी,
आणि तारीखसुद्धा.

शुक्रवारी फाइल पाठवली. बरोबर एकशेवीस.
पूर काढला.
पण लोक नदीत उभे राहून ओंजळ भरतात,
त्या वाक्यात पाणी
मारुतीच्या गुडघ्याइतकं ठेवलं.
तनेजा मॅडमना जर्मन येत नाही.